मोबाईलचा खेळ आणि यंत्राची मर्यादा

(पालक व विद्यार्थ्यांच्या संयुक्त मेळाव्यातील व्याख्यानाचा मजकूर)



आजचा विषय ऐकून काही वडीलधाऱ्यांच्या कपाळाला आठ्या पडल्या असतील. शिक्षण संस्थेच्या व्यासपीठावरून मोबाईलवरचा खेळ नीट कसा चालवावा, हे सांगायचे? मुलांना पुस्तकाकडे वळवायचे सोडून ही वाट कशाला दाखवायची? शंका रास्त आहे. परंतु हा विषय आपण टाळला म्हणून तो घराबाहेर राहिलेला नाही. “अब्बा, हा मोबाईल हँग होतो, नवीन घेऊन द्या,” हे वाक्य मलकापूरपासून मेहकरपर्यंत कितीतरी घरांत ऐकू येते. त्यावर बहुधा दोनच गोष्टी घडतात. बाप चिडून मोबाईल हिसकावून घेतो. नाहीतर मुलाचे मन मोडवत नाही म्हणून दुकानात जाऊन हप्त्यावर नवा मोबाईल उचलतो. मोबाईल हँग का होतो, हा प्रश्न मात्र दोघांपैकी कोणीच विचारत नाही. तो प्रश्न आज आपण विचारणार आहोत. कारण त्याचे उत्तर कळले तर पुष्कळ घरांतले हप्ते वाचतील, आणि बाप-लेकांना बोलण्यासाठी भांडणाशिवाय दुसरे काही सापडेल.

प्रथम यंत्राकडे पाहू. मोबाईलवरचे चित्र हलते असे आपल्याला वाटते. वास्तविक ती एकामागून एक झरझर दाखविलेली स्थिर चित्रे असतात. एका सेकंदात किती चित्रे उमटतात, त्याला फ्रेम रेट म्हणतात. सेकंदाला ३० चित्रे काढायची तर एका चित्रासाठी यंत्राला सुमारे ३३ मिलिसेकंद मिळतात. ६० काढायची तर १७ मिलिसेकंदसुद्धा मिळत नाहीत. तेवढ्या वेळात प्रकाश, सावली, गवत, धूर, माणसे या साऱ्यांचा हिशेब करून चित्र तयार झाले पाहिजे. ते वेळेवर तयार झाले नाही की खेळ अडखळतो. बैलाला झेपेल तेवढेच ओझे गाडीत भरावे, हे आपल्याकडील शेतकऱ्याला सांगावे लागत नाही. मोबाईललाही तोच नियम लागू आहे. ओझे कमी केले तर तोच बैल चांगला चालतो.

म्हणून पहिली दुरुस्ती खेळाच्या आतच करावयाची असते. बहुतेक खेळांच्या सेटिंगमध्ये चित्राची प्रत आणि फ्रेम रेट अशा दोन निवडी असतात. मुले हौसेने दोन्ही वर नेऊन ठेवतात आणि मग मोबाईलला दोष देतात. चित्राची प्रत सर्वांत खालच्या पायरीवर, म्हणजे ‘स्मूथ’ किंवा ‘लो’वर ठेवावी, सावल्या आणि इतर सजावट बंद करावी, आणि फ्रेम रेट मोबाईल सलग अर्धा तास टिकवू शकेल तेवढाच ठेवावा. पाच मिनिटे ६० आणि नंतर २०, यापेक्षा अखेरपर्यंत स्थिर ४० किंवा ३० बरे. हाताला सवय लागते ती एकसारख्या गतीची. पडदा जलद गतीचा, म्हणजे ९० किंवा १२० हर्ट्‌झचा असला आणि खेळ ३० चित्रांचाच असला, तर पडद्याची ती गती खेळाच्या काही कामाची नाही. उगीच बॅटरी मात्र जाते.

दुसरी गोष्ट उष्णतेची. आणि ती आपल्या जिल्ह्याला विशेष लागू आहे. बुलढाणा शहर अजिंठ्याच्या डोंगररांगेवर उंचावर आहे, तेथे थोडा दिलासा मिळतो. परंतु घाट उतरून खाली मलकापूर, नांदुरा, शेगाव, जळगाव जामोद या पूर्णेच्या सपाट पट्ट्यात आले की मे महिन्यात पारा ४० अंशांच्या पुढे जातो. मोबाईल बनविणाऱ्या ॲपलसारख्या कंपन्या आपले यंत्र ० ते ३५ अंश तापमानात वापरावे असे सांगतात. म्हणजे पत्र्याच्या छपराखाली दुपारी दोन वाजता खेळू लागलेल्या मुलाचा मोबाईल खेळ सुरू होण्याआधीच मर्यादेबाहेर गेलेला असतो! यंत्र तापले की त्यातील प्रोसेसर स्वतःला वाचविण्यासाठी आपली गती आपणच कमी करतो. मूल म्हणते, “मोबाईल बिघडला.” तो बिघडलेला नाही, तो जीव वाचवीत आहे.

उपाय साधे आहेत. खेळताना जाड कव्हर काढून ठेवावे. चार्जर लावून खेळू नये, कारण चार्जिंगची आणि खेळाची उष्णता एकत्र होते. गादीवर किंवा उशीवर मोबाईल ठेवू नये. पडद्याचा उजेड गरजेपुरता ठेवावा. उन्हाळ्यात खेळायचेच तर सकाळी किंवा रात्री, पंख्याखाली. तापलेला मोबाईल फ्रीजमध्ये ठेवण्याचा उद्योग काही मुले करतात. त्याने आत दव धरते आणि यंत्र कायमचे जाऊ शकते. लिथियमच्या बॅटरीला उष्णतेइतका दुसरा शत्रू नाही, हे ध्यानात असू द्यावे.

तिसरी गोष्ट जागेची. मोबाईलमध्ये दोन प्रकारची जागा असते. एक कोठार, ज्यात फोटो, व्हिडिओ आणि ॲप साठविलेले असतात. दुसरी रॅम, म्हणजे काम करावयाचा ओटा. कोठार गच्च भरले की यंत्राला हालचाल करता येत नाही आणि सारेच मंदावते. लग्नाचे व्हिडिओ, व्हॉट्सॲपवर रोज येणारे शुभेच्छांचे फोटो, न वापरलेली ॲप काढून टाकावीत आणि निदान पाचवा-सहावा भाग मोकळा ठेवावा. खेळण्याआधी मोबाईल एकदा बंद करून चालू करावा. ॲपचे आपोआप होणारे अपडेट त्या वेळेपुरते थांबवावे. बॅटरी सेव्हर चालू असेल तर तो गती रोखतो, म्हणून खेळताना बंद ठेवावा. अनेक मोबाईलमध्ये कंपनीनेच दिलेली खेळाची सोय असते. सॅमसंगमध्ये ‘गेम बूस्टर’, शाओमीमध्ये ‘गेम टर्बो’ अशा नावांची. ती वापरण्यास हरकत नाही. मात्र ‘व्हर्च्युअल रॅम’ या शब्दाला भुलू नये. ते कोठारातील थोडी जागा ओट्यासारखी वापरणे आहे; खऱ्या रॅमची गती तिला नसते.

चौथी गोष्ट नेटची. पुष्कळदा मोबाईल ठीक असतो, अडखळते ते नेट. दोन्हींतील फरक ओळखता आला पाहिजे. चित्रच थांबत-थांबत चालत असेल तर दोष यंत्राचा; चित्र सुरळीत आहे, पण गडी मागे खेचला जातो किंवा मारलेली गोळी उशिरा लागते, तर दोष नेटचा. खेळात कोपऱ्यावर ‘पिंग’चा आकडा दिसतो. निरोप जाऊन परत येण्यास लागलेला तो वेळ असतो. ५० मिलिसेकंदांच्या आत उत्तम. १०० च्या वर गेला की खेळाची मजा जाते. पत्र्याचे छप्पर आणि जाड भिंती लहरी अडवतात, म्हणून खिडकीजवळ किंवा ओसरीत बसून पाहावे. जेथे ५-जी अधूनमधूनच येते तेथे मोबाईल सारखा ५-जी आणि ४-जीमध्ये उड्या मारतो. अशा ठिकाणी सेटिंगमध्ये ४-जी निश्चित करून पाहावे. आणि हे सांगणे अगत्याचे आहे की खेळ उतरवून घेताना डेटा पुष्कळ लागतो, पण खेळताना फारसा लागत नाही. तेव्हा “मोठा रिचार्ज मारला की खेळ जलद होईल,” हा समज निराधार आहे.

आता विद्यार्थी मित्रांना एक काम सांगतो. एका वहीत चार रकाने आखा: दिवस, केलेला बदल, पिंग, आणि खेळ कसा चालला. एका वेळी एकच सेटिंग बदला. जागा आणि वेळ तीच ठेवा. मग फरक लिहा. पाच सेटिंग एकदम बदलल्या तर सुधारणा कशाने झाली हे कधीच कळणार नाही. विज्ञानाच्या तासाला तुम्ही जो प्रयोगाचा नियम शिकता, तो हाच आहे.

या विषयात फसवे वैद्यही पुष्कळ आहेत. ‘रॅम क्लीनर’, ‘स्पीड बूस्टर’ अशा नावांची ॲप उपयोगापेक्षा जाहिराती अधिक दाखवितात आणि स्वतःच जागा अडवून बसतात. खेळात फेरफार करणारी बाहेरची ॲप नियमबाह्य असतात. त्यामुळे खाते कायमचे बंद होऊ शकते. कोणी पाठविलेल्या लिंकवरून ॲपची फाईल उतरवून घेणे तर सर्वांत घातक. असे ॲप मेसेज वाचण्याची परवानगी मागते, आणि त्याच मोबाईलवर वडिलांच्या बँकेचे ओटीपी येत असतात. डेव्हलपर ऑप्शन्समधील अनोळखी कळाही, समजल्याशिवाय, दाबू नयेत.

येथून पालकांना विनंती आहे. मुलाने दहा सेटिंग बदलल्या तरी एक सेटिंग तुमच्या हातची आहे. प्ले स्टोअरमध्ये प्रत्येक खरेदीला पासवर्ड विचारला जाईल, अशी सोय आहे. ती चालू करा आणि तो पासवर्ड आपल्यापाशीच ठेवा. यूपीआयचा पिन मुलाला सांगू नका. खेळातील पोशाख आणि बंदुकांचे रंग विकत घेतल्याने खेळ जलद होत नाही. शिवाय ती वस्तू कायमची आपली होते असेही नाही. इतिहास पाहा. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ ॲपवर बंदी घातली, त्यात पबजी मोबाईल गेला. जुलै २०२१ मध्ये बॅटलग्राउंड्स मोबाईल इंडिया आला; जुलै २०२२ मध्ये तोही दुकानांतून काढला गेला आणि मे २०२३ मध्ये परतला. फेब्रुवारी २०२२ मध्ये फ्री फायरची तीच गत झाली. जो खेळ एका आदेशाने नाहीसा होऊ शकतो, त्यात घामाचा पैसा घालण्यापूर्वी विचार करावा.

पैसे लावून खेळावयाच्या खेळांची गोष्ट तर निराळीच. संसदेने २०२५ मध्ये ऑनलाइन खेळांचा कायदा मंजूर केला. २२ ऑगस्ट २०२५ रोजी त्यास राष्ट्रपतींची संमती मिळाली. पैसे लावण्याच्या ऑनलाइन खेळांना या कायद्याने मनाई केली आणि ई-स्पोर्ट्सना मान्यता दिली. हा भेद घरात स्पष्ट सांगितला पाहिजे. कौशल्याची स्पर्धा वेगळी आणि जुगार वेगळा.

वेळेचेही तसेच. २०२१ मध्ये बॅटलग्राउंड्स आला तेव्हा त्याच्या कंपनीनेच १८ वर्षांखालील मुलांसाठी दिवसाला ३ तासांची मर्यादा ठेवली होती. खेळ विकणाऱ्यालासुद्धा मर्यादा घालावी लागते, तर घराने घालू नये काय? अँड्रॉइडमध्ये ‘डिजिटल वेलबीइंग’ नावाची सोय आहे. तीत एखाद्या ॲपला रोजचा ठराविक वेळ देता येतो. तो वेळ मुलाशी बसून, बोलून ठरवा. चोरून लावलेले कुलूप मुले चोरूनच उघडतात.

शेवटी, ज्या विद्यार्थ्यांचे मन खेळात खरोखर रमते त्यांना एक गोष्ट सांगावीशी वाटते. केंद्र सरकारने डिसेंबर २०२२ मध्ये ई-स्पोर्ट्सला क्रीडा मंत्रालयाच्या कक्षेत आणले, हे खरे. परंतु खेळून पोट भरणारे थोडे. खेळ बनवून पोट भरणारे त्याहून कितीतरी अधिक. आपल्या पुण्यातील सुपरगेमिंग या कंपनीने ‘इंडस’ हा खेळ तयार करून ऑक्टोबर २०२४ मध्ये प्रसिद्ध केला. असा खेळ बनविण्यास गणित लागते, संगणकाची भाषा लागते, चित्रकला, संगीत आणि कथा रचण्याचे कसब लागते. कमी ताकदीच्या मोबाईलवर जड खेळ कसा चालवावा, हा प्रश्न त्या कंपन्यांतील अभियंत्यांपुढेही असतो. तुम्ही वहीत आज जे रकाने भराल, त्याच जातीचे काम ते पगार घेऊन करतात. २०२५ मध्ये मुंबईत ‘इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ क्रिएटिव्ह टेक्नॉलॉजीज’ ही संस्था याच क्षेत्राच्या शिक्षणासाठी सुरू झाली आहे. दहावी-बारावीचे गणित पक्के करून त्या दारापर्यंत जाण्याची आकांक्षा चिखली किंवा लोणारच्या मुलामुलींनी का धरू नये? मुलामुलींनी, असे मी मुद्दाम म्हणतो.

सारे करूनही जुना मोबाईल खेळ पेलत नसेल, तर ते मान्य करावे. दोन जीबी रॅमच्या यंत्राकडून आठ जीबीचे काम कोणतीही सेटिंग करून देणार नाही. तेव्हा हलका खेळ निवडावा, किंवा मैदानावर जावे; तेथे पिंग शून्य असतो! परंतु नव्या मोबाईलसाठी हप्त्याच्या कागदावर सही करण्याआधी पालकांनी मुलाला एवढेच म्हणावे, “वही आण बेटा, काय काय करून पाहिलेस ते दाखव.” वही भरलेली असेल तर त्या मागणीचा विचार अवश्य करा, कारण ती मागणी करणारा मुलगा आपल्या यंत्राची मर्यादा जाणतो, आणि तुमच्या खिशाचीही जाणील.