अर्जाचे पान सर्व्हरवरच भरून यावे
(संगणक-प्रशिक्षण वर्गातील भाषण)



शासकीय सेवांचे अर्ज आता संकेतस्थळावर भरले जातात. नेटवर्क क्षीण असलेल्या गावी मोबाइलवर असे पान उघडले, तर पुष्कळदा बराच वेळ कोरा पडदाच दिसतो. सर्व्हरकडून रिकामा सांगाडा येतो आणि मागाहून येणारी जावास्क्रिप्ट मोबाइलमध्ये चालल्यावर मजकूर उमटतो, हे त्याचे एक कारण होय. पान सर्व्हरवरच भरून पाठविले, तर स्क्रिप्ट पोहोचण्यापूर्वीच सूचना वाचता येते.

अडचण येते ती पानाच्या घटकांची. कळ, तालुक्यांची यादी, तारखेची चौकट हे घटक रचताना ब्राउझर गृहीत धरलेला असतो. २००९ साली आलेल्या नोडमुळे सर्व्हरवर जावास्क्रिप्ट चालविणे रूढ झाले खरे. पण तेथे पडदा नाही, ‘विंडो’ नाही, ‘डॉक्युमेंट’ नाही. घटकाने मांडणीच्या वेळीच पडद्याची रुंदी विचारली, की काम तेथेच अडते. अशी विचारणा घटक ब्राउझरमध्ये बसल्यानंतर करावी. रिॲक्टमध्ये ‘युजइफेक्ट’ची सोय आहे, तिच्यातील आदेश सर्व्हरवर चालत नाहीत.

सर्व्हरने पाठविलेल्या मजकुराला ब्राउझर नंतर तेच घटक जोडतो. यास हायड्रेशन म्हणतात. त्या वेळी दोन्हीकडचा मजकूर तंतोतंत जुळावा लागतो. समजा, मुदतीची नोंद भारतीय वेळेनुसार ‘३१ मार्च, रात्री शून्य वाजता’ अशी आहे. सर्व्हरचे घड्याळ जागतिक प्रमाणवेळेवर, म्हणजे साडेपाच तास मागे असेल, तर त्याच्या लेखी ती ३० मार्चची सायंकाळ. तो ‘३० मार्च’ छापतो, मोबाइल ‘३१ मार्च’ म्हणतो. स्क्रिप्ट पोहोचलीच नाही, तर अर्जदार मुदत टळली असे समजून घरी बसतो! यास्तव तारीख लिहिणाऱ्या घटकाला ‘एशिया/कोलकाता’ हा कालविभाग स्पष्ट सांगावा. यंत्राच्या घड्याळावर विसंबू नये.

आणखी एक. सर्व्हरवरून आलेली कळ लगेच दिसते, परंतु ती केवळ स्क्रिप्टवर अवलंबून असेल, तर जोडणी होईपर्यंत दाबूनही काही घडत नाही. मला ही कळ कोऱ्या पडद्याहून वाईट वाटते. कोरा पडदा निदान फसवीत तरी नाही. कळ साध्या एचटीएमएल फॉर्मची असली आणि अर्ज कोठे पाठवायचा तो पत्ता फॉर्ममध्येच दिला, तर स्क्रिप्टविनाही अर्ज सर्व्हरकडे जातो.

शिक्षकांनी व कर्मचाऱ्यांनी ब्राउझरमधील जावास्क्रिप्ट बंद करून आपल्या खात्याचे पान उघडून पाहावे. अंतिम दिनांक, पात्रता व कागदपत्रांची यादी यांपैकी जे दिसणार नाही, ते संबंधित शाखेस लेखी कळवावे.