दिवसाचे तास कुणाचे?



जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तीन जिल्ह्यांतल्या कितीतरी घरांत आज पहिलीवहिली पदवी पोचणार आहे. ती पोचावी म्हणून कुणी कापूस वेचला, कुणी केळीचे घड वाहिले, कुणी सुरतेला उधन्यात लूमवर रात्रपाळ्या केल्या. म्हणून आजचा वेळ मी कामगार चळवळीच्या इतिहासाला देणार आहे. मुंबईच्या गिरणगावावर भरपूर लिहिलं गेलं. खानदेशातल्या कष्टकऱ्यांची लढाई मात्र तुमच्या क्रमिक पुस्तकांत क्वचितच आली असेल, आणि ती तर आपल्या घरची आहे.

या साऱ्या चळवळीचं मूळ भांडण वेळेचं आहे, असं मला वाटतं. पगार त्यामागून येतो. माणसाच्या दिवसातले किती तास मालकाचे, किती त्याचे स्वतःचे, आणि हे ठरवायचं कुणी?

अमेरिकेतल्या यादवी युद्धाने १८६० च्या दशकात इंग्लंडचा कापूस तोडला, त्याच सुमाराला आपल्याकडे रेल्वे आली आणि खानदेशाचा कापूस एकदम सोन्याच्या मोलाचा झाला. गावोगाव जिन आणि प्रेस उभे राहिले. हंगाम थोड्या महिन्यांचा, त्यामुळे मालकाला घाई. मुंबई सरकारने १८८४ मध्ये कारखान्यांच्या चौकशीसाठी आयोग नेमला. त्याच्यापुढे खानदेशातल्या जिनिंगबद्दल जे सांगितलं गेलं ते वाचताना आजही अंगावर काटा येतो. पहाटे चार-पाचला काम सुरू, रात्री दहाला बंद. ऐन हंगामात जिन रात्रंदिवस चालायचे आणि माणसं तीच राहायची. जिनसमोर बसून रोलरला कपाशी लावणाऱ्या बहुतेक बायकाच. एका बाजूला रुई पडते, एका बाजूला सरकी, नाकातोंडात तूस जातं, आणि झोपेने मान पडली तर हात रोलरपाशी. अशी पाळी सलग कित्येक दिवस.

तुम्ही म्हणाल, १८८१ मध्ये कारखाना कायदा झाला होता ना? झाला होता. पण ज्या ठिकाणी शंभराहून कमी माणसं आहेत किंवा जी वर्षातून चार महिन्यांहून अधिक चालत नाही ती जागा त्या कायद्याच्या लेखी कारखानाच नव्हती. आपले बरेचसे जिन असे अलगद कायद्याबाहेर राहिले. त्या बायकांची मोजदाद करायला कायद्याकडे रकानाच नव्हता. पदवीधरांनी हे नीट लक्षात ठेवावं, कारण माणसाला हक्कातून वगळायचं असेल तर बहुधा व्याख्येतूनच वगळतात.

त्याच १८८४ मध्ये मुंबईत नारायण मेघाजी लोखंडे उभे राहिले. महात्मा फुल्यांचे सहकारी, 'दीनबंधु'चे संपादक. त्यांनी गिरणी कामगारांच्या सभा भरवल्या आणि साडेपाच हजार कामगारांच्या सह्यांचं निवेदन तयार केलं. मागण्या अशा : आठवड्याला रविवारची सुट्टी, दुपारी अर्धा तास विसावा, काम सकाळी साडेसहाला सुरू होऊन सूर्यास्ताला थांबावं, पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेच्या आत मिळावा, आणि कामावर जखमी झालेल्याला बरा होईपर्यंत पगार मिळावा. पाचांतल्या पहिल्या तिन्ही वेळेच्या आहेत. १० जून १८९० ला गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. पुढच्या वर्षी कायदा सुधारला, मर्यादा पन्नास माणसांवर आली आणि बायकांच्या कामाला अकरा तासांची हद्द पडली. अकरा तास! तेव्हा तेही मोठं होतं. खरं सांगायचं तर या कायद्यांमागे लँकेशायरच्या मालकांचाही दबाव होता, इथलं कापड स्वस्त पडू नये म्हणून. पण सह्या करणाऱ्यांचं श्रेय त्यामुळे उणं होत नाही.

आपल्याकडे तोवर जळगावला मूळजी जेठांची खानदेश मिल चालू झाली होती. पुढे अमळनेरला प्रताप मिल आली, धुळ्याला आणि चाळीसगावला गिरण्या आल्या. भोंग्यावर उठणारी, भोंग्यावर जेवणारी वस्ती या शहरांत तयार झाली. अमळनेरची गोष्ट मला विशेष महत्त्वाची वाटते. श्रीमंत प्रतापशेठ गिरणीचे मालक, तसेच दाते. त्यांच्या देणग्यांतून शाळा उभी राहिली, तत्त्वज्ञान मंदिर उभं राहिलं. त्यांच्याच नावाच्या शाळेत साने गुरुजी १९२४ ते १९३० शिक्षक होते. नोकरी सोडून ते सत्याग्रहात गेले. १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात त्यांनी विनोबांची गीतेवरची प्रवचनं टिपून घेतली, आणि १९३८ मध्ये अमळनेरातच 'काँग्रेस' साप्ताहिक काढून शेतकऱ्यांच्या आणि गिरणी कामगारांच्या लढ्यात स्वतःला झोकून दिलं. गुरुजींना आपण मुलांच्या गोष्टींपुरतं ठेवलं, हा आपण त्यांच्यावर केलेला अन्याय आहे असं मी मानतो. ज्या गावाने त्यांना मास्तर म्हणून डोक्यावर घेतलं त्याच गावात, तिथल्या सगळ्यांत बड्या मालकाच्या कामगारांसोबत ते उभे राहिले. दानशूर मालकाकडेही कामगाराला हक्क मागावा लागतो, कारण दान मालकाच्या मनावर असतं. त्याच अमळनेरात १९४६ मध्ये कामगारांवर पोलिसांच्या गोळ्या सुटल्या आणि कॉम्रेड श्रीपत पाटील धारातीर्थी पडले.

मधल्या काळात फैजपूर झालं. डिसेंबर १९३६ मध्ये काँग्रेसचं खेड्यात भरलेलं पहिलं अधिवेशन. खिरोद्याच्या धनाजी नाना चौधरींनी आणि हजारो हातांनी ते उभं केलं. मनमाडहून पायी निघालेला शेतकऱ्यांचा मोर्चा तिथे पोचला, किसान सभेचं अधिवेशनही तिथेच भरलं. शेतकरी आणि मजूर यांचे प्रश्न राष्ट्राच्या व्यासपीठावर तिथून पक्के झाले.

आठ तासांचा कामाचा दिवस आपल्या देशाच्या कायद्यात आणण्यामागे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचं मोठं काम आहे. १९४२ ते १९४६ ते व्हाइसरॉयच्या मंडळात मजूर खात्याचे सदस्य होते. कारखान्यात आठवड्याला ४८ तासांची मर्यादा १९४६ ला आली. पण बाबासाहेबांनी चळवळीलाही आरसा दाखवला. १९२८ च्या मुंबईतल्या मोठ्या संपात त्यांनी विचारलं की गिरणीच्या विणकाम खात्यात, जिथे पगार जास्त, तिथे अस्पृश्य कामगारांना शिरकाव का नाही? कारण दिलं जायचं विटाळाचं. धोट्यातला धागा तोंडाने ओढावा लागे म्हणून. लाल बावट्याखाली चाललेल्या संपातही जात टिकून होती. संघटना झाली म्हणजे समता आपोआप येत नाही.

भुसावळकरांना रेल्वेचं वेगळं सांगायला नको. वाफेच्या इंजिनावरच्या ड्रायव्हर-फायरमनची ड्युटी सुरू कधी झाली ते माहीत असे, संपेल कधी ते गाडीच्या मर्जीवर. १९७३ मध्ये लोको रनिंग स्टाफने संप करून ड्युटीला दहा तासांची मर्यादा मान्य करून घेतली. पुढच्या वर्षी ८ मे ते २७ मे देशभर रेल्वे थांबली. हजारो अटकेत गेले, कित्येकांच्या नोकऱ्या गेल्या, रेल्वे कॉलन्यांतून बायकामुलांसकट बाहेर काढण्याचे प्रकार झाले. संप मोडला. बडतर्फ माणसं १९७७ नंतर परत कामावर आली.

आता मी ज्याच्यासाठी हा विषय निवडला त्या माणसाकडे येतो. तो ना गिरणीत होता, ना रेल्वेत. तो सालदार.

तुमच्यातल्या पुष्कळांनी सालदार पाहिलेला आहे, काहींचे आजोबा सालदार असतील. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, साल ठरायचं. तोंडी. वर्षाचे इतके रुपये, महिन्याला इतकी ज्वारी, एखादं घोंगडं, जोडा. उचल आधीच घेतलेली, लग्नासाठी नाहीतर दुखण्यासाठी. मग वर्षभर दिवस उजाडायच्या आत गोठ्यात हजर : शेण काढायचं, गव्हाणीत कडबा टाकायचा, बैल पाण्यावर न्यायचे, उजाडलं की शेत, रात्री खळ्यावर राखण. ताप आला तर खाडा, आणि खाड्याचे पैसे सालातून वजा. हिशेब मालकाच्या वहीत, आणि वही मालकाच्या घरात. वर्ष संपताना उचल फिटलेली नसायची, म्हणून पुढचं साल पुन्हा त्याच दारात. जिनमधल्या बाईचा दिवस गेला होता; या माणसाचं वर्षच्या वर्ष गेलं.

शहादा-तळोद्याच्या सुपीक पट्ट्यात, तेव्हाच्या धुळे जिल्ह्यात, हे सालदार बहुतांश भिल्ल होते, आणि ज्या जमिनीवर ते राबत तिच्यातली कितीतरी त्यांच्याच बापजाद्यांची, कर्जापोटी गेलेली. १९७१ मध्ये पाटीलवाडीला गोळ्या झाडल्या गेल्या आणि परिसर हादरला. अंबरसिंग सुरतवंती हा भिल्ल कार्यकर्ता आधीपासून लोकांना जोडत होता. ३० जानेवारी १९७२ ला शहाद्यात भू-मुक्ती मेळावा भरला, आणि त्याच वर्षी श्रमिक संघटना उभी राहिली. बाहेरून शिकलेली मुलं आली. कुमार शिराळकरांसारखा आयआयटीत शिकलेला इंजिनिअर नोकरी टाकून इथे राहिला. आणि इथल्याच मातीतून वाहरू सोनवणे यांच्यासारखा कवी-कार्यकर्ता घडला. मागण्या साध्या होत्या : सालाचा दर वाढवा, कामाची वेळ ठरवा, मारहाण बंद करा, गेलेली जमीन परत करा. बड्या शेतकऱ्यांनी पीक संरक्षणाच्या नावाखाली आपली माणसं उभी केली, तरी सालदार मागे हटले नाहीत. बायका तर एक पाऊल पुढे गेल्या. गावोगाव जाऊन त्यांनी दारूची मडकी फोडली, बायकोला मारणाऱ्याला चारचौघांत जाब विचारला. राबून आल्यावर घरातही आपला दिवस आपला असावा, हे त्यांनी पुरुष कार्यकर्त्यांना शिकवलं. अंबरसिंग १९७४ ला तरुण वयात गेले. त्याच साली आदिवासींच्या जमिनी परत करण्याचा कायदा महाराष्ट्राने केला.

याच काळात धुळ्याचे कॉम्रेड शरद पाटील साक्री-नवापूरच्या आदिवासींत काम करत होते. जात सोडून वर्ग समजत नाही हे त्यांनी ठामपणे मांडलं आणि १९७८ मध्ये सत्यशोधक कम्युनिस्ट पक्ष काढला. त्यांची पुस्तकं ग्रंथालयातून काढून वाचा. अवघड आहेत, आणि कष्ट वाया जात नाहीत.

१९८२ च्या मुंबईतल्या गिरणी संपानंतर चळवळीची ताकद ओसरली. आपल्या गिरण्यांचे भोंगेही एकेक करून थांबले. मात्र वेळेचं भांडण थांबलेलं नाही. तुमच्यातले काहीजण उद्या महाविद्यालयांत तासिका तत्त्वावर शिकवाल. मोबदला वर्गात उभं राहिलेल्या तासाचा. त्या तासाची तयारी, पेपर तपासणं, परीक्षेचं काम, सुट्टीचे महिने हिशेबाबाहेर. काहीजण एमआयडीसीत कंत्राटदाराच्या पटावर असाल, काही सुरतेला, काही फोनवरच्या ॲपने सांगितलेल्या घरी पार्सल पोचवाल. तिथे मालक दिसत नाही, आणि तो तुम्हाला कामगार म्हणतही नाही. जिनमधल्या बाईसारखा तिथेही रकाना कोरा. सप्टेंबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने कारखान्यातल्या दिवसाची मर्यादा नऊवरून बारा तासांवर नेण्याला मंजुरी दिली. आठवड्याचे ४८ तास कायम ठेवून, असं सांगितलं गेलं. नोव्हेंबर २०२५ पासून चार कामगार संहिता लागू झाल्या. त्यांत गिग कामगारांचा उल्लेख आला आहे, ही चांगली गोष्ट. नेमणूकपत्र देणं बंधनकारक झालं, हीही. पण संपाआधी किमान चौदा दिवसांची नोटीस आता सगळ्याच आस्थापनांत लागते, आणि कामगार काढायला सरकारची परवानगी लागण्याची मर्यादा शंभरावरून तीनशे माणसांवर गेली. मला ही दिशा धोक्याची वाटते, आणि ते मी या व्यासपीठावरून स्पष्ट सांगतो.

तुमच्याकडे आज वाचता-लिहिता येणारी नजर आहे. पहिल्या नोकरीत रुजू होताना नेमणूकपत्र मागा. त्यात कामाचे तास, साप्ताहिक सुट्टी आणि जादा कामाचा दर लिहिलेला आहे का, पाहा. आपल्या तासांची स्वतःची वही ठेवा. शेजारच्या टेबलावरच्या, पॅकिंगमधल्या, झाडू मारणाऱ्या बाईचं पत्रही तिला वाचून दाखवा. ती कंत्राटदाराची असली तरी. आणि युनियनच्या नोंदणीचा अर्ज करायला कायद्याने सात जण पुरतात, १९२६ पासून. त्या सातांत एक अर्ज लिहिणारा लागतो.