अझोल्याचे घर पाण्यात
(जिल्हा बैठकीतील भाषण)



गेली काही वर्षे गावोगाव अझोल्याचे खड्डे खणले जात आहेत. प्लॅस्टिकचा कागद, शेण, चाळलेली माती, वर हिरवा थर आणि शेजारी पाटी. कोणी त्याला हिरवे सोने म्हणते. आम्हाला बैठकीत वारंवार विचारले जाते, करावा का? तर ही वनस्पती राहते कुठे, जगते कशावर, ते आधी पाहू. हिशेब मग आपोआप बसतो.

अझोला म्हणजे शेवाळ नव्हे. ते नेचे आहे. डोंगरात ओढ्याकाठी झालरीसारख्या पानांचे नेचे वाढते, त्याचाच हा पाण्यावर तरंगणारा भाऊबंद. फूल नाही, बी नाही. आपल्या देशातली जात अझोला पिनाटा. एकेक रोप दोन-अडीच सेंटिमीटरचे, तिकोनी. पाने खवल्यांसारखी एकावर एक. मुळ्या खाली पाण्यात लोंबणाऱ्या. प्रत्येक पानाचे दोन भाग असतात. वरच्या भागात बारीक पोकळी असते आणि तिच्यात निळे-हिरवे सूक्ष्मजीव राहतात. ते हवेतला नत्र धरून नेच्याला देतात, नेचे त्यांना घर आणि अन्न देते. ही भागीदारी इतकी जुनी आहे की हे जीव आता बाहेर सुटे जगूच शकत नाहीत. पिढी बदलताना बीजाणूंबरोबरच पुढे जातात. तूर-मुगाच्या मुळांवरच्या गाठीत जे काम चालते, तेच इथे पानात चालते.

आता घर. या नेच्याला साचलेले, उथळ, शांत पाणी लागते. भाताची खाचरे, डबकी, संथ चर, तळ्याचा वाऱ्याआडचा कोपरा. लाटांनी ते तुटते. तपमान २० ते ३० अंश असले की तीन ते पाच दिवसांत दुप्पट होते. ३५ च्या पुढे गेले की ते थकते. नत्र फुकट मिळतो, पण स्फुरद पाण्यातूनच घ्यावा लागतो. तो कमी पडला की थर लालसर होतो. कडक उन्हात किंवा थंडीतही होतो. आणि पाण्याबाहेर ते काही तासांत वाळते.

म्हणूनच चीन आणि उत्तर व्हिएतनाममधल्या भातकऱ्यांनी शेकडो वर्षे ते खाचरात वाढवले आणि चिखलात गाडले. व्हिएतनाममध्ये तर काही गावे बियाणे उन्हाळाभर जिवंत ठेवण्याची युक्ती गुपित राखत आणि हंगामात ते विकत. आपल्याकडे कटकच्या भात संशोधन संस्थेत १९७० च्या दशकात यावर काम झाले. भातात एका पिकाला हेक्टरी २० ते ४० किलो नत्र मिळू शकतो. पूर्व विदर्भातल्या धानवाल्या भावांनी हे जरूर करून पाहावे. खाचरातले पाणी त्यांच्याकडे आहेच.

आपल्याकडे मात्र पाणी घागरीने येते. दोन मीटर लांब, एक मीटर रुंद खड्डा धरा. मे महिन्यात उघड्यावर दिवसाला १० मिलिमीटरच्या वर पाणी उडते. म्हणजे रोज २० लिटर. सावलीत थोडे कमी. शिवाय अधूनमधून पाणी बदलायचे, अझोला काढायचा, शेणाचा वास जाईपर्यंत धुवायचा. पाटीवर लिहिलेले असते "खर्च नगण्य". ती घागर कोणाच्या डोक्यावर येते ते पाटीवर नसते. मायबहिणींनो, ते तुम्हाला सांगायला नको.

बदल्यात मिळते काय? पत्रकातला आकडा खरा धरला तरी एवढ्या खड्ड्यातून रोज साधारण एक किलो ओला अझोला. त्यातले ९०० ग्रॅमच्या वर नुसते पाणी. उरलेल्या ५०-६० ग्रॅमात प्रथिने फार तर १२ ते १५ ग्रॅम. "अझोल्यात २५ टक्के प्रथिने" हे वाक्य खोटे नाही, पण ते वाळवलेल्या मालाबद्दल आहे. जनावरापुढे आपण ओला टाकतो. तेवढी प्रथिने सरकीच्या ६०-७० ग्रॅम ढेपेत असतात. मूठभर ढेप! आणि सरकी तर आपल्याच कापसातून निघते.

खत म्हणून पाहा. एक टन ओल्या अझोल्यात दोन-तीन किलो नत्र, म्हणजे पाच-सहा किलो युरियाइतका. रोज किलोच्या हिशेबाने टन भरायला पावणेतीन वर्षे. त्यापेक्षा कपाशीत तुरीचे तास आणि ज्वारीत मुगाच्या ओळी पावसाच्या ओलीवर हेच काम करतात, वर डाळ देतात.

तरीही ज्यांच्या विहिरीला बारमाही पाणी आहे, परसात पाच-दहा कोंबड्या आहेत, त्यांनी करायला हरकत नाही. कोंबड्या आवडीने खातात. आम्ही सांगू ते असे: खड्डा कडुनिंबाखाली घ्या, रोपावर ऊन निम्मेच पडेल असा. पाऊस लागल्यावर सुरू करा. थर लाल दिसला तर आधी सावली पाहा, मग मूठभर सुपर फॉस्फेट. दाटी होऊ देऊ नका, काढत राहा. मार्च उजाडला की खड्डा मोडा आणि बियाण्यापुरता अझोला माठाशेजारच्या सावलीत एका घमेल्यात ठेवा. त्याला दिवसाकाठी तांब्याभर पाणी पुरते.