गुरियन ह्या नावाविषयी



गतवर्षी एका स्नानसंस्काराच्या आदल्या सायंकाळी बालकाचा पिता आमच्याकडे आला व म्हणाला, "फादर, आमची म्हातारी गुरियन नावासाठी हटून बसली आहे. शाळेत पोराला सारे हसतील. ह्याचा अर्थ तरी काय?" आम्हांस तत्काळ उत्तर देता आले नाही, हे सांगावयास लाज वाटते.

म्हातारीच्या मनात होते ते घोगरगावचे फादर गुरियन जाकिए. ज्या संघातून ते निजामाच्या मुलखात आले, तो संत फ्रान्सिस द साल्स ह्यांच्या नावाचा मिशनरी संघ १८३८ साली सव्हॉय प्रांतातील आनसी येथे स्थापन झाला. त्याच डोंगराळ प्रांतात संत गेरँ ह्यांची मोठी भक्ती आहे, आणि गुरियन हे आम्ही त्याच नावाचे रूप समजतो. त्याच्या प्राचीन जर्मानिक मुळाचा अर्थ रक्षण करणे असा होतो. हे संत ओल्प्स मठाचे अधिपती होते. ११३८ साली ते सियोंचे बिशप झाले व ११५० साली निवर्तले. गुराढोरांचे रक्षक म्हणून शेतकरी त्यांचा धावा करीत आले आहेत. पोळ्यास बैलांची शिंगे रंगविणाऱ्या आमच्या लोकांस असा संत परका कसा वाटावा?

सकाळी हे सर्व आम्ही सांगितले. "म्हणजे राखणदारच की!" म्हातारी म्हणाली. पिता क्षणभर गप्प राहिला. मग नोंदवहीत नाव लिहिताना ऱ्हस्व-दीर्घ तेवढे नीट पाहावे, इतकेच त्याने आम्हांस विनविले.