परक्या भाषेचा चालकार



ज्या गुरुजींच्या स्मरणार्थ आज आपण येथे जमलो आहोत, त्यांची मातृभाषा गुजराती होती. आमच्या वेळी शाळेच्या नाटकांतील मराठी पदांना चाली तेच लावीत. “यांना आपल्या पदातले काय कळणार?” असे मी एकदा त्यांच्यामागे बोलून गेलो. ते त्यांच्या कानी गेले असावे. पुढल्या तालमीला त्यांनी मला पेटीजवळ बसविले आणि पदाचा अन्वय विचारला. मला तो सांगता आला नाही. त्यांनी सांगितला.

आजचा माझा विषय दूरचा वाटेल, पण तो मला या प्रसंगामुळेच सुचला. व्याचेस्लाव गानेलिन हा लिथुएनियाचा संगीतकार. त्याचा जन्म १९४४ साली मॉस्कोजवळ एका ज्यू कुटुंबात झाला. बालपणीच तो विल्नियसला आला आणि १९६८ मध्ये तेथील संगीत महाविद्यालयातून पदवीधर झाला. पुढे तेथील रशियन नाट्यगृहात त्याने संगीतप्रमुख म्हणून काम केले. चरितार्थ चालला तो रंगभूमी आणि पडदा यांच्यावर.

१९७४ साली आलेला ‘सैतानाची नवरी’ हा त्याचा चित्रपट माझ्या एका माजी विद्यार्थ्याने मला दाखविला. लिथुएनियातील हा पहिला सांगीतिक चित्रपट मानला जातो. दिग्दर्शक आरूनास झेब्रियूनास, गीते सिगितास गेदा या कवीची. कथा काझिस बोरुताच्या १९४५ सालच्या कादंबरीवरून घेतलेली. त्या लेखकाला पुढल्याच वर्षी सोव्हिएत राजवटीने अटक केली होती. पवनचक्कीचा मालक बाल्तारागिस सैतानाशी सौदा करतो आणि आपली लेक पणाला लावतो. ती लेक, युर्गा, मोठी होऊन गिर्द्वाइनिस नावाच्या तरुणाच्या प्रेमात पडते, तेव्हा हिशेब चुकविण्याची वेळ येते. आपल्या संगीत नाटकात गद्य थांबते आणि पद सुरू होते. येथे पात्रे कथाच गाण्यातून पुढे नेतात. रॉक संगीताची वाद्ये आहेत, पण गोष्ट खेड्याच्या मातीतली आहे. सैतानाची तर कीवच यावी, इतका तो गरीब बिचारा!

लिथुएनियन मला येत नाही. तथापि आमच्या अभ्यासक्षेत्रात तिला मोठा मान आहे. आपल्या ‘सूनु’चा तेथे ‘सूनुस’, ‘अग्नी’चा ‘उग्निस’, ‘देवा’चा ‘दिएवास’. देवाने दात दिले, तो भाकरीही देईल, अशी त्यांची म्हण आहे. आपण चोचीचे आणि चाऱ्याचे नाते सांगतो, इतकाच फरक. त्या भाषेत आघाताची जागा शब्दागणिक बदलते, आणि त्याबरोबर स्वराची चढउतारही असते. वैदिक उदात्त-अनुदात्ताची आठवण व्हावी. अशा भाषेला चाल लावणाऱ्याचा कान किंचित चुकला, तरी श्रोता बिथरतो. रशियन घेऊन वाढलेल्या माणसाने ते काम केले आणि लिथुएनियनांनी ती गाणी आपली म्हणून जपली.

त्याची दुसरी बाजूही आहे. तालवादक तारासोव आणि सॅक्सोफोनवादक चेकासिन यांच्याबरोबर त्याने १९७१ पासून मुक्त जॅझचे त्रिकूट चालविले. खर्ज वाजविणारा चौथा कोणी नव्हता, म्हणून गानेलिन एका हाताने पियानो वाजवी आणि दुसऱ्या हाताने खर्जाची छोटी विजेची पेटी. एकेक रचना पाऊण तास चाले. पूर्व जर्मनीतील मैफिलीची मुद्रिका लंडनमधून निघाली, तेव्हा वेष्टनावर सूचना छापावी लागली की, या प्रकाशनाची जबाबदारी वादकांवर नाही. ती सूचना वादकांना वाचविण्यासाठी होती. चित्रपटातील मान्यता आणि मैफिलीतील धोका, दोन्ही एकाच माणसाच्या वाट्याला आले. जाणकार त्रिकुटाचीच वाखाणणी करतात. मला मात्र चित्रपटाचे काम अधिक अवघड वाटते, कारण तेथे शब्द दुसऱ्याचे होते.

१९८६ साली त्रिकूट अमेरिकेचा दौरा करून आले; १९८७ मध्ये गानेलिन इस्रायलला निघून गेला. जेरुसलेमच्या संगीत अकादमीत त्याने शिकविले. तेथे पुन्हा नवी भाषा होती.

परवा शाळेच्या जुन्या कपाटात गुरुजींची वही सापडली. पदे मराठीत आहेत, आणि समासात प्रत्येक कठीण शब्दापुढे गुजराती लिपीत त्याचा अर्थ लिहिला आहे. माझ्या त्या पदाच्या पानावर असे सात शब्द आहेत.