नाकतोड्याचे जेवण

श्रोतेहो, पावसाळ्यात बांधावरून चालताना पायांपुढून टणाटण उड्या मारीत जाणारा हिरवा नाकतोडा तुम्ही पाहिलाच असेल. आज त्याच्या जेवणाविषयी थोडे बोलू. तो काय खातो आणि केव्हा खातो हे ज्याला कळले, त्याला पीक राखणे सोपे जाते.

नाकतोडा रस शोषीत नाही. पान चावून खातो. आपला जबडा वरखाली हलतो, त्याचे जबडे मात्र कात्रीसारखे आडवे चालतात. पण दिसेल ते पान तो खात नाही, बरे का! तोंडाजवळच्या चार बारीक अवयवांनी तो आधी पान चाचपतो, चव घेतो आणि रुचले तरच खातो. आवडीही निरनिराळ्या. निळ्या-पिवळ्या रंगांचा एक नाकतोडा रुईची विषारी पाने खुशाल खातो. भातावरचा नाकतोडा मात्र गवताचा भोक्ता. आणि भात तरी काय, गवताच्याच कुळातला!

खरी मेख इथेच आहे. पावसाळा सरताना मादी बांधाच्या मातीत अंडी घालते. पुढल्या वर्षी पाऊस पडला की पिले बाहेर येतात. त्यांना उडण्याजोगे पंख नसतात. ती आधी बांधावरचे गवत खातात, मग भातात शिरतात. मोठी झाली की लोंबीचा देठसुद्धा कुरतडतात. तेव्हा शेतकरी बंधूंनो, उन्हाळ्यात बांध वरवर खणा. उघडी पडलेली अंडी उन्हाने वाळतील, पाखरे वेचतील. पावसात बांधावरचे गवत कापून काढा.

कडुनिंब मात्र पुष्कळ टोळांना नको असतो. टोळ म्हणजे नाकतोड्याचाच भाऊबंद. वाळवंटी टोळ रोज आपल्या वजनाइतके, म्हणजे सुमारे २ ग्रॅम खातो. २०२० च्या मे महिन्यात त्याच्या झुंडी अमरावती-नागपूरकडे उतरल्या होत्या. १९६२ साली दिल्लीत टोळ आले, तेव्हा भारतीय कृषी संशोधन संस्थेच्या डॉ. एस. प्रधान यांनी सहकाऱ्यांसह पिकांवर निंबोळीचा गर पाण्यात कालवून फवारला. टोळ पिकावर बसले, पण त्यांनी ते खाल्ले नाही.

शिक्षक बंधुभगिनींनो, हा प्रयोग शाळेतही होईल. बरणीत एक नाकतोडा ठेवा, तोंडाला जाळीचे फडके बांधा. आत गवत, रुई आणि कडुनिंब यांचे एकेक पान घाला. कोणते पान कुरतडले गेले, ते दुसऱ्या दिवशी मुलांनाच पाहून सांगू द्या.