पक्ष्याचे छायाचित्र आणि पक्ष्याचे चित्र
(नरसिंहपूर येथील शिक्षकसभेतील भाषण)



नीरा व भीमा यांच्या या संगमावर खंड्या, बगळे, टिटव्या आपल्या विद्यार्थ्यांना नित्य दिसतात. हिवाळ्यात याच तालुक्यातील भिगवणजवळ, उजनी जलाशयाच्या काठी, रोहित पक्षी उतरतात व त्यांची छायाचित्रे घेण्यास दूरदूरची माणसे येतात. मुलांच्या घरीही आता मोबाईल आहे. मग हाताने पक्षी काढावयास शिकविण्याचे प्रयोजन काय, असा प्रश्न साहजिकच उद्भवतो.

कॅमेरा हा चोख साक्षीदार होय. भरधाव घोड्याचे पुढचे पाय पुढे व मागचे मागे ताणलेले दाखविण्याची चित्रकारांची जुनी रीत होती. १८७८ साली अमेरिकेत मायब्रिज यांनी ओळीने कॅमेरे मांडून छायाचित्रे घेतली, तेव्हा चारही पाय जमिनीवरून सुटतात ते पोटाखाली जुळलेले असताना, हे सिद्ध झाले. डोळ्याची चूक छायाचित्राने सुधारली.

परंतु हा साक्षीदार एका क्षणापुरतेच बोलतो. उभा रोहित पांढुरका-गुलाबी दिसतो. पंख उघडले म्हणजे त्यांतील लाल व काळा रंग प्रकट होतो. चित्रकार अनेक दिवसांचे निरीक्षण एकत्र करून ही दोन्ही रूपे एका पानावर मांडू शकतो. डॉ. सालिम अली यांच्या १९४१ च्या पक्षिग्रंथात पक्षी ओळखण्यासाठी रंगविलेली चित्रेच होती. पुढे छायाचित्रे विपुल झाल्यावरही गोव्याचे कार्ल डिसिल्व्हा यांनी अशा ग्रंथांसाठी पक्षी रंगविले.

येथेच आपले कर्तव्य सुरू होते. तो लाल रंग टिपण्याच्या हव्यासाने होडी थव्यात नेऊन रोहित उडविले, तर त्यांचे चरणे मोडते. टिटवी उघड्या जमिनीवर अंडी घालते. ती मातीत मिसळून जातात, हेच त्यांचे संरक्षण. छायाचित्रासाठी तेथे कोणी घोटाळत राहिले, तर टिटवी उठते व अंडी उन्हात उघडी पडतात. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने वन्य पक्ष्यांच्या घरट्यांना उपद्रव देणे हे शिकारीच्या व्याख्येतच घातले आहे.

म्हणून विद्यार्थ्यांना घाटाच्या पायरीवर शांत बसवावे. दहा मिनिटे एकच पक्षी पाहू द्यावा व मगच वही उघडावी. चोच केवढी, मान कशी, पाय कोठे, हे त्यांनी आठवून काढावे. नंतर दुरून घेतलेल्या छायाचित्राशी ताडून स्वतःच दुरुस्त करावे. गुण सुबकतेला न देता निरीक्षणाला द्यावेत. असा विद्यार्थी उद्या हाती कॅमेरा घेईल, तेव्हा पक्ष्यापासून किती दूर थांबावे हे त्याला सांगावे लागणार नाही.